कपाळावरचं शीत

आमच्या बेडशाच्या घरात भिंतीवर दोन तसबिरी आहेत. एक बुद्धांची, दुसरी निळ्या कोटातली, चष्मा घातलेली. त्यांच्या खाली एक फळी आहे आणि फळीवर पांढऱ्या कापडात गुंडाळलेलं एक जपानी पुस्तक. तसबिरी आमच्या वस्तीत घरोघरी आहेत, जपानी पुस्तक फक्त आमच्याकडे. त्यामुळे आपण बाकीच्यांपेक्षा काकणभर जास्त बौद्ध आहोत असा लहानपणी माझा समज होता, आणि तो मी शाळेत बोलूनही दाखवायचे.

पुस्तक आलं तेव्हा मी सहा-सात वर्षांची होते. उन्हाळ्याचे दिवस होते. लेणी बघून एक म्हातारा जपानी माणूस एकटाच खाली उतरत आला. लेण्यांवरून येणाऱ्याला आमचं घर पहिलं लागतं. माझे आजोबा, त्यांना आम्ही आबा म्हणतो, अंगणात दोरी वळत बसले होते. त्या माणसाने अंगठा तोंडाकडे नेऊन पाण्याची खूण केली. आबांनी तांब्या दिला. त्याने तो एका दमात रिकामा केला आणि तिथेच बसला. जेवणाची वेळ होती, दारात आलेल्याला तसं कसं पाठवायचं, म्हणून आईने त्याला भात आणि पावट्याचं कालवण वाढलं. तो जेवला तो असा जेवला की आई वाढत गेली आणि तो संपवत गेला. हाताने जेवायची सवय नसल्यामुळे भात त्याच्या नाकाला, गालाला, सगळीकडे लागला होता. मला हसू येत होतं आणि आई डोळे मोठे करून मला गप्प बसवत होती.

जेवण झाल्यावर त्याने हात धुतले, पिशवीतून एक पुस्तक काढलं आणि दोन्ही हातांनी आबांच्या पुढे धरलं. नुसतं धरलं नाही, कमरेत वाकून धरलं. आबांना काय करावं कळेना, मग तेही वाकले. पुस्तक तेव्हाच जुनं होतं, कण्याला कापडाची पट्टी चिकटवलेली होती. वरती गोटा केलेल्या, झग्यातल्या एका माणसाचं चित्र होतं आणि त्याच्या कपाळाच्या मधोमध एक पांढरा ठिपका होता. त्या पाहुण्याने चित्रातल्या ठिपक्यावर बोट ठेवलं, मग आपल्या कपाळावर, मग आपल्या पोटावर, आणि खो-खो हसला. नंतर नमस्कार करून कामशेतच्या वाटेला लागला. परत कधी दिसला नाही.

आता याचा अर्थ लावायला वस्तीत जपानी येणारं कोण असणार? अर्थ आबांनीच लावला. जपान हा बुद्धांचा देश. माणूस लेण्यांतून वंदना करून उतरलेला. चित्रातला माणूस मुंडण केलेला, म्हणजे भिक्खू. कपाळावर ठिपका, तो तर आपल्या विहारातल्या मूर्तीच्याही कपाळावर आहे. आणि पोटावर हात? आबा एकदा इगतपुरीला दहा दिवस विपश्यनेच्या शिबिराला बसून आले होते. श्वासाकडे लक्ष ठेवायचं, पोट कसं वरखाली होतं ते बघायचं, असं त्यांना वाटलं की पाहुणा सांगून गेला. हसण्याचा अर्थ काय, असं मी विचारलं. ज्ञानी माणूस कायम हसरा असतो, असं उत्तर मिळालं. एकूण सगळं चपखल बसलं आणि पुस्तक फळीवर गेलं. हात धुतल्याशिवाय त्याला शिवायचं नाही, असा घरात नियम झाला.

आईचं मत मात्र पहिल्या दिवसापासून वेगळं होतं. ती धुणं वाळत घालता घालता मला म्हणाली होती, "काय बी म्हण, चित्रातला ह्यो बाबा लय जेवलेला दिसतो." पण सासऱ्यांसमोर हे बोलायची सोय नव्हती.

पुस्तकात अक्षरं कमी आणि चित्रं जास्त होती, त्यामुळे आबांचं काही अडलं नाही. ते आपल्याकडच्या पुस्तकासारखं डावीकडून उघडायचे आणि चित्रं बघत गोष्ट सांगायचे. पहिल्या चित्रात भिक्खू एका मठाच्या दारात रिकामी टोपली घेऊन उभा. मग तो गावातून, शेतातून, पुलावरून हिंडतो. हळूहळू टोपलीत काहीतरी दिसायला लागतं, गोल गोल, लाडवांसारखं. मध्येच तो एखादा लाडू तोंडाशी धरलेला दिसायचा, तेव्हा मिळालेलं दान तो चाखून बघतो असं आबा सांगायचे. पानं उलटत जावी तशी टोपली भरत जाते, आणि शेवटी ती काठोकाठ भरलेली टोपली मोठ्या गुरूंच्या पुढ्यात ठेवलेली असते. आबा दर वैशाख पौर्णिमेला सकाळची वंदना झाली की विहारात सगळ्यांना ही गोष्ट सांगायचे. सगळ्यांच्या हातात तांदळाची खीर असायची. शेवटी ते म्हणायचे की रिकामी टोपली लोकांनी भरली, आपण काय कमी आहोत का?

त्यातून एक रीतच पडली. गोष्ट संपली की खरोखरची एक रिकामी टोपली वस्तीतून फिरते. प्रत्येक घर तिच्यात तांदूळ टाकतं. कुणी ओंजळभर, कुणी पायलीभर. पुढे खालच्या आळीतली शेतकरी घरंही इंद्रायणी तांदूळ आणून टाकायला लागली, आणि हे तितकं सोपं नव्हतं, आधीची किती वर्षं त्या आळीचं नि आमचं जेवण वेगळं होतं ते म्हाताऱ्यांना विचारावं. त्या तांदळाचा भात संध्याकाळी एकाच पातेल्यात शिजतो आणि सगळे जेवतात, लेणी बघायला आलेला कुणी तिथे असला तर तोही. आबांनी आयुष्यात पुष्कळ कामं केली, पण त्यांना विचाराल तर ते या टोपलीचंच सांगतील.

मी लोणावळ्यात फ्लेक्सच्या दुकानात काम करते. डिझाइन माझं, छपाई मालकाची, आणि चुका दोघांच्या. वाढदिवस, दहावा, रिसॉर्टच्या ऑफर, चिक्कीच्या दुकानांच्या पाट्या, सगळं माझ्या हातून जातं. लोणावळा ते कामशेत जुन्या रस्त्याने जा, नेत्यांच्या चेहऱ्यांवरचे सुरकुत्या नसलेले गाल दिसले तर ते माझं काम समजा.

तर यंदा वस्तीतला विहार नवा बांधून झाला आणि उद्घाटन वैशाख पौर्णिमेला ठरलं. कमिटीने एक जपानी भंते बोलावले, ते बरीच वर्षं भारतातच राहतात. हे कळल्यावर आबांच्या अंगात बारा हत्तींचं बळ आलं. त्यांनी कमिटीला सांगून दोन गोष्टी पक्क्या केल्या. पुस्तक नव्या विहारात काचेच्या कपाटात ठेवायचं, आणि त्याआधी भंतेंनी सगळ्यांसमोर ते उघडून त्यातलं दोन पानं वाचून दाखवायचं. आजवर चित्रांवर भागवलं, आता एकदा तरी खरे शब्द कानावर पडू देत, असं त्यांचं म्हणणं. वय ब्याऐंशी. पुढच्या पौर्णिमेचं कुणी सांगावं, असंही वर म्हणाले, म्हणजे कमिटीची बोलती बंद.

फ्लेक्स अर्थातच माझ्याकडे आला. एका बाजूला बुद्ध, एका बाजूला निळा कोट, खाली जपानी भिक्खू, दहा फूट रुंद. मी पुस्तक दुकानात नेऊन मुखपृष्ठ स्कॅन केलं. तीस-पस्तीस वर्षांचा उदबत्तीचा धूर आणि अंगठ्यांचे डाग, त्यामुळे मोठं करायला गेलं की फोटो फुटायचा. कपाळावरचा ठिपका तर नुसता पांढरा ढग दिसायचा. मग मी आमच्या धंद्यातली नेहमीची युक्ती केली. मुखपृष्ठाचा फोटो इंटरनेटवर टाकून त्याच्यासारखी चित्रं शोधली. आधी मूर्ती आल्या, मग टक्कल पडलेली माणसं, मग केसांच्या तेलाची जाहिरात, आणि त्याच्याही खाली एक करडं, बारकं चित्र. त्याच्यावर बोट टेकवलं तर जपानमधल्या एका ग्रंथालयाचा डिजिटल संग्रह उघडला आणि आमच्या फळीवरचा भिक्खू, स्वच्छ आंघोळ केल्यासारखा, माझ्यापुढे आला.

खरं सांगते, त्या दिवशी मी त्याच्याकडे नीट बघितलंच नाही, कारण आजूबाजूला जे होतं त्याने मी वेडी झाले. जुनी मुलांची मासिकं, चित्रकथांची पुस्तकं, आपल्या पणजोबांच्या काळातली मुकी कार्टूनं, सगळं पान पान स्कॅन करून ठेवलेलं आणि फुकट. एका कार्टूनमध्ये एक मुळा भाजीवालीच्या टोपलीतून उडी मारून पळतो आणि अख्खा बाजार त्याच्यामागे धावतो. संपलं. एवढंच. मी ते पाच वेळा बघितलं. एका मुखपृष्ठावर खेकड्यांची न्हाव्याकडे रांग लागलेली होती आणि न्हावीही खेकडाच, त्यामुळे त्याचा धंदा बरा चालला होता. दुपारी दुकान सुस्त असतं, मालक खुर्चीत डुलक्या काढतात, आणि मी त्या संग्रहात हिंडत बसायचे. पाऊस कसा काढावा हे मला तिथे कळलं. आम्ही निळे थेंब काढतो, एकेक थेंब आवळ्याएवढा. त्या चित्रकारांनी नुसत्या तिरक्या रेघा मारल्या होत्या आणि एक उलटी झालेली छत्री. बघूनच अंग भिजल्यासारखं वाटायचं. मी तसा पाऊस एका रिसॉर्टच्या पावसाळी ऑफरच्या फ्लेक्सवर मारला. रिसॉर्टवाला म्हणाला, पाऊस कमी वाटतोय, थेंब टाका. टाकले.

मोबाइल जपानी अक्षरांवर धरला की तो त्यांचं मराठी करतो, हेही मी शिकले. ते मराठी म्हणजे आणखी एक करमणूक. मुळ्यामागे धावणारी भाजीवाली मुक्या कार्टूनमधल्या पाटीवर म्हणत होती, "कृपया आपल्या पळण्याचा पुनर्विचार करावा."

फ्लेक्सची मुदत जवळ आली तेव्हा मी शेवटी आमच्या भिक्खूकडे वळले. चेहरा मोठा केला, अजून मोठा केला. चित्र काही फुटेना. कपाळावरचा ठिपका स्क्रीनभर झाला आणि मी तिथेच थबकले. तो ठिपका गोल नव्हता. लांबट होता, एका टोकाला किंचित निमुळता, बाजूला बारीकशी सावली. मावळात जन्मलेल्या माणसाला ते काय आहे ते सांगावं लागत नाही. ते भाताचं शीत होतं.

मी स्वतःला म्हटलं, थांब, जपानी शुभचिन्ह असेल. पुढचं पान काढलं. शीत गालावर होतं, आमच्या पुस्तकात ते डागांत बुडालं होतं. त्याच्या पुढच्या पानात कानामागे. एका पानात नाकाच्या शेंड्यावर, आणि एक चिमणी ते टिपायला टपलेली. आपल्यात म्हणतात ना, शितावरून भाताची परीक्षा. इथे एका शितावरून अख्ख्या भिक्खूची झाली. मग मी मोबाइल धरून पहिल्यापासून वाचायला लागले, आणि तेव्हा दुसरा धक्का बसला, कारण संग्रहात पहिलं पान म्हणून दाखवत होते ते आमचं शेवटचं होतं. जपानी पुस्तक उजवीकडून उघडतं. आम्ही इतकी वर्षं गोष्ट शेपटाकडून वाचत होतो.

खरी गोष्ट अशी होती. तो गोटेवाला भिक्खू नव्हताच, मठातला आचारी होता. वाडग्यात तोंड घालून जेवायचा म्हणून त्याच्या तोंडावर कायम शितं. गुरू त्याला तांदळाच्या लाडवांनी काठोकाठ भरलेली टोपली देतात आणि सांगतात की गावात घरोघर वाटून ये. तो निघतो. पुलावर एक खातो. शेतात दोन खातो. झाडाखाली बसून बरेच खातो. मोबाइलच्या मराठीत तो म्हणत होता, "माझ्या आदरणीय पोटाने आता कार्यालय उघडले आहे." शेवटच्या पानात टोपली रिकामी, तो मठाच्या दारात उभा, आत गुरूंची सावली दिसते आणि खाली लिहिलं आहे, पुढील भागात.

मी हसले. दुकानात एकटी, पोट धरून हसले, मालक दचकून उठले. पाहुण्याचं बोट कपाळावर, मग पोटावर, मग खो-खो हसणं, ते सगळं लख्ख उलगडलं. तो एवढंच सांगत होता की बाबांनो, मी आज या आचाऱ्यासारखा जेवलो, बघा माझ्या कपाळावर शीत. आणि आभार म्हणून जवळचं आवडतं पुस्तक देऊन गेला. आई बरोबर होती. पहिल्या दिवसापासून बरोबर होती.

आणि मग हसू आटलं. पौर्णिमेला भंते ते पुस्तक हातात घेणार, उजवीकडून उघडणार आणि माईकवर वाचणार. समोर वस्ती, खालची आळी, कमिटी, पाहुणे. आबा पुढच्या रांगेत. ब्याऐंशी वर्षांच्या माणसाचं सगळ्या गावासमोर हसं होणार, आणि त्याच्याबरोबर त्या टोपलीचंही. खादाड आचाऱ्याच्या नावाने कोण तांदूळ टाकेल? पुस्तक हरवलं असं सांगावं, दुकानात शाई सांडली म्हणावं, असे सगळे विचार मनात येऊन गेले. पण ज्या माणसाने हात धुतल्याशिवाय पुस्तकाला बोट लावलं नाही, त्याला शाईचं खोटं सांगायला जीभ रेटेना.

रविवारी मी स्कूटर काढून बेडशाला गेले. आबा खाटेवर बसले होते. मी मालकांकडून मागून आणलेला मोठा टॅब त्यांच्या मांडीवर ठेवला आणि पानं दाखवत गेले, उजवीकडून. आधी त्यांना आनंद झाला, चित्र किती साफ निघालंय म्हणाले. मग ते स्क्रीनवर वाकले. झाडाखालच्या पानापाशी त्यांनी माझ्याकडे बघितलं.

"मंग टोपली भरत न्हाई?"

"न्हाई आबा. रिकामी हुत जाती. त्यो खातो समदं."

"आन् कपाळावरचं?"

"शीत हाय."

त्यांनी टॅब उचलून माझ्या हातात दिला. "मिटव त्ये," म्हणाले, आणि भिंतीकडे तोंड करून आडवे झाले. आईने चहा आणला तोही घेतला नाही. मी पुस्तक लपवून ठेवू का, कमिटीला काही कारण सांगू का, असं पुष्कळ विचारलं. पाठ वळली नाही. परत येताना मला माझाच राग आला आणि त्या संग्रहाचाही. इतकं स्वच्छ स्कॅन करायची काय गरज होती, असं मी वाटेत मोठ्याने म्हणाले. ऐकायला कुणी नव्हतं.

चार दिवस काही कळलं नाही. मग दुकानात आईचा फोन आला आणि तिने तो आबांना दिला. आबांनी जय भीम ना काही, थेट विचारलं की त्या आचाऱ्याचं पुढे काय झालं. पुढील भागात म्हणतात तर पुढचा भाग कुठे आहे? गुरूंनी मारलं का त्याला?

मी त्याच दुपारी शोधलं. पुढचा भाग संग्रहात होता, म्हणजे नाव होतं, मुखपृष्ठाचा चौकोन होता, पण उघडेना. तिथे जे लिहिलं होतं त्याचं मोबाइलने मराठी केलं, ते यावेळी अगदी सरळ निघालं. हे पुस्तक फक्त ग्रंथालयाच्या आवारात येऊन पाहता येईल. म्हणजे जपानला जाऊन. संध्याकाळी दुकान लवकर मिटून मी परत बेडशाला गेले आणि आबांना ते सांगितलं. त्यांनी दाढी खाजवली. मग म्हणाले, पुस्तक भंतेंना द्यायचं. ठरलंय तसंच. वाचू देत.

मी म्हटलं, आबा, लोक हसतील. तुम्ही इतकी वर्षं त्याला हात जोडले, फळीवर ठेवलं.

तेव्हा ते जे बोलले ते मी आजवर त्यांच्या तोंडून ऐकलं नव्हतं. "म्या पुस्तकाला कवा हात जोडलं?" ते म्हणाले. "तरणा व्हतो तवा हितलं लोक मला पानी बी वरनं वतायचं. पैसं द्यायचं त्ये जमिनीवर टाकायचं, म्या उचलायचं. दोन हातांनी मला कुनी काय दिलं न्हवतं. त्यो मानूस माज्या दारात जेवला, कंबरेत वाकला आन् दोन हातांनी दिलं. त्यानं वीट दिली असती तरी म्या फळीवर ठिवली असती."

आई चुलीपाशी उभी होती. ती पदराने डोळे पुसून परत भाकरी थापायला लागली. मला रडू आलं आणि मी ते लपवलं नाही.

फ्लेक्सचं काय करू, असं मी निघताना विचारलं. चित्र बदलू का? आबा म्हणाले, का बदलायचं, शीत चांगलं ठळक दिसू दे. मग मी काय कुणापेक्षा कमी आहे का! दहा फुटांच्या फ्लेक्सवर ते शीत वीतभर लांब झालं. कमिटीच्या अध्यक्षांना ते फार तेजस्वी वाटलं.

पौर्णिमेला नवा विहार भरून बाहेर मांडवापर्यंत माणसं होती. भंते बारीक, हसऱ्या चेहऱ्याचे, मोडकंतोडकं हिंदी बोलणारे. वंदना झाली, त्रिशरण-पंचशील झालं, खिरीच्या वाट्या फिरल्या. मग अध्यक्षांनी माईकवर पुस्तकाची थोरवी सांगितली, ती आबांच्या जुन्या गोष्टीतली, टोपली भरण्याची. मी मांडवाच्या खांबाला टेकून उभी होते आणि माझ्या वाटीतली खीर तशीच होती. आबांनी उठून पांढऱ्या कापडातलं पुस्तक दोन्ही हातांनी भंतेंपुढे धरलं. भंतेंनी वाकून घेतलं, कापड सोडलं आणि उजवीकडून उघडलं.

पहिलं पान बघून त्यांच्या भुवया वर गेल्या. दुसरं उलटलं. मग त्यांचे खांदे हलायला लागले आणि ते हसले, अगदी मोकळं, लहान मुलासारखं. हे पुस्तक माझे आजोबा मला वाचून दाखवायचे, असं त्यांनी हिंदीतून सांगितलं. त्यांनी कपाळावर बोट ठेवलं, मग पोटावर, आणि पुन्हा हसले. ये बहुत खाता है, म्हणाले, सब लड्डू खा जाता है. मांडवातली माणसं एकमेकांकडे बघायला लागली. कुठेतरी मागे कुणीतरी फिस्कन हसलं. अध्यक्षांचा चेहरा पडला आणि त्यांनी माझ्या फ्लेक्सकडे वळून बघितलं.

आबांनी माईक मागितला. तो त्यांच्या तोंडापुढे कुणीतरी धरला.

"भंते म्हंत्यात त्ये खरं हाय," ते म्हणाले. "आमी उलटं वाचलं. टोपली त्यानं खाऊन रिकामी केली आन् दारात हुबा ऱ्हायला, हितं गोष्ट संपती. म्होरला भाग जपानात कुलपात हाय, माज्या नातीनं लय हुडकला. पन आता रिकामी टोपली घिऊन मानूस काय करंल? पुन्यांदा दारोदार जाईल आन् भरून आनंल. त्यो म्होरला भाग आमी हितं दर वैशाखी पुनवेला करतो."

एवढं बोलून त्यांनी आपल्या खिरीच्या वाटीत बोट घातलं, एक शीत उचललं आणि कपाळाच्या मधोमध चिकटवलं. आणि ती रिकामी टोपली घेऊन ते भंतेंकडे गेले, कारण दरवर्षी पहिली ओंजळ पाहुण्याची असते.

आता भंतेंकडे तांदूळ कुठले असणार? त्यांनी आपली झोळी चाचपली, आत हात घातला आणि कमिटीने सकाळी लोणावळा स्टेशनवर दिलेलं चिक्कीचं पाकीट बाहेर काढून टोपलीत टाकलं. मग वाटीत बोट घालून त्यांनीही एक शीत कपाळाला लावलं. आता मागून आलेलं हसू फिस्कन नव्हतं, सगळा मांडव हसत होता, आणि त्यात आईचा आवाज सगळ्यात मोठा होता. टोपली पुढे सरकली. पहिल्या रांगेत खालच्या आळीतले एक म्हातारे पाटील बसले होते, आबांच्याच वयाचे, गुडघ्यांमुळे उठता येत नसलेले. आबांनी टोपली त्यांच्यासमोर धरली. त्यांनी मांडीवरची इंद्रायणीची पिशवी टोपलीत रिकामी केली. मग टोपली पुढच्याला देण्यासाठी त्यांनी ती आबांच्या हातातून घेतली, दोन्ही हातांनी.